बोलायची परवानगी

आमच्या डंक्यावर एक नियम आहे: देठ काढले की मिरची परत जात नाही. ओली निघो, किडकी निघो, रंगाला फिकी निघो. एकदा बायकांनी बसून देठ मोडले की माल घेणाऱ्याचा. हा नियम कुणी लिहून ठेवलेला नाही, पण मोडतही कुणी नाही. लग्न होऊन या घरात आले तेव्हा मी सासूबाईंना विचारलं होतं, "पण आई, देठ काढल्यावरच आतला ओलावा कळला तर?" त्या म्हणाल्या, "तर आधी कळायला हवा होता." मी शाळेत शिकवते. असल्या उत्तराला मी वर्गात अर्धासुद्धा गुण देत नाही.

बदलापूरला शिरगावात, आमच्या राहत्या घराच्या खालच्या गाळ्यात हा डंका आहे. लोखंडी उखळात दोन मुसळं आळीपाळीने आपटतात आणि वर आमच्या स्वयंपाकघरातली भांडी त्या तालावर थरथरतात. फेब्रुवारीपासून पाऊस पडेपर्यंत बायका भाजलेल्या मिरच्या आणि खडा मसाला घेऊन येतात, नाकाला पदर लावून आपल्या डब्याशेजारी उभ्या राहतात आणि मसाला कुटून घेऊन जातात. ज्यांच्याकडे मिरची नसते त्यांना आम्हीच विकतो. शाळेला सुट्टी लागते तेव्हाच नेमका हंगाम भरात येतो, त्यामुळे माझी मे महिन्याची सुट्टी कधीच सुट्टी नसते.

माझ्या पहिल्याच उन्हाळ्यात एक प्रकार घडला. एका बाईंनी दुसऱ्या दिवशी डबा आणून आदळला. म्हणाल्या, "मी बेडगी दिली होती, हे काय जाळ दिलंत? पोरं रडली जेवताना." त्यांच्या मसाल्यात कुणाची तरी लवंगी मिरची मिसळली होती. सासूबाईंनी मसाला चाटून पाहिला, माझ्याकडे पाहिलं आणि गिऱ्हाइकाला म्हणाल्या, "नवीन आहे हो सून, हात गडबडला असेल." बाईंना नवा मसाला फुकट गेला आणि मला उखळापासून उचलून बाहेर वजनकाट्यावर बसवलं गेलं. मी तोंड उघडलं होतं. "आई, पण मी..." एवढंच झालं. "राहू दे," असं त्या म्हणाल्या आणि विषय संपला. तेव्हापासून मी वजनकाट्यावरच होते. उखळ झाडायचा ब्रश कित्येक वर्षं माझ्या हातात पुन्हा आला नाही.

हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढे लागेल.

मिरची आम्ही उल्हासनगरहून आणायचो, कॅम्प एकमधल्या एका सिंधी शेठकडून. शेठ आणि सासूबाई यांचा व्यवहार माझ्या लग्नाच्याही आधीपासूनचा. हंगामाच्या सुरुवातीला सासूबाई सही केलेला कोरा चेक देणार, शेठ पोती पाठवणार, हंगाम संपला की पैसे चुकते. चेक मात्र शेठच्या गल्ल्यातच राहायचा. मी एकदा म्हटलंही, "आई, हिशेब मिटला की चेक परत मागून घ्यावा." त्या माझ्यावर अशा खेकसल्या की जणू मी शेठला चोर म्हटलं होतं. "चेक परत मागायचा म्हणजे पुढच्या वर्षी येणार नाही असं सांगायचं. कळतं का तुला काही?"

आणि एक डबा होता. दर हंगामाला शेठची बायको, जिला सासूबाई भाभी म्हणायच्या, एक पितळी डबा पाठवायची. त्यात आमच्या हातचा मसाला भरून जायचा. काही दिवसांनी डबा परत यायचा तो कधी मिऱ्यांच्या सिंधी पापडांनी, कधी सुकामेव्याच्या वड्यांनी भरून. मग आमचा मसाला पुन्हा. दोन्ही घरांत कुणी तो रिकामा पाठवला नाही. डबा नेमका कुणाचा होता हेही आता कुणाला सांगता आलं नसतं.

मागच्याच्या मागच्या हंगामात मिरची ओली आली. वजन वाढावं म्हणून पोत्यांवर पाणी मारायची खोड कुणाला तरी असते, वरच्या साखळीत कुठेतरी. वरून मिरची खडखडीत, पण पोत्याच्या पोटात हात घातला तर दमट आणि कुबट. सासूबाईंनी हात घातला, वास घेतला आणि निम्मी पोती, देठांसकट, त्याच टेंपोतून परत पाठवली. शेठचा फोन आला. मी शेजारीच होते, फोन स्पीकरवर होता. "ताई, तू टेन्शन नको घेऊ. माल वापस आला ना, मी हिसाबात काटून घेणार." उरलेल्या मालाचे पैसे माझ्या नवऱ्याने त्याच्या मोबाईलवरून भरले. हिशेब संपला. चेक अर्थातच शेठच्या गल्ल्यात राहिला.

दिवाळीच्या आधी शेठ गेले. सासूबाई उल्हासनगरला जाऊन भाभीजवळ बसून आल्या. परत आल्यावर दोन दिवस डंक्यावरच्या बायकांशीसुद्धा धड बोलल्या नाहीत.

नवीन हंगाम सुरू झाला आणि एका दुपारी कोर्टाचा माणूस आला. समन्स सासूबाईंच्या नावाने होतं. त्यांनी मिरचीचे हात साडीला पुसले, सही केली आणि कागद माझ्याकडे दिला, कारण घरातले सगळे सरकारी कागद माझ्याकडे येतात. शेठच्या मुलाने दावा लावला होता. तो कोरा चेक त्याने त्या ओल्या मिरचीच्या हंगामातल्या पूर्ण मालाच्या रकमेने भरला होता, बँकेत टाकला होता, तो अर्थातच परत आला होता, आणि आता ती पूर्ण रक्कम व्याजासकट द्या असं म्हणणं होतं. परत गेलेल्या पोत्यांचा उल्लेख नाही. भरलेल्या पैशांचा उल्लेख नाही.

मी तो कागद चारदा वाचला. शेवटी नवऱ्याला म्हटलं, "यात तारीखच नाही." कोर्टाचा कागद म्हणजे त्यात तारीख असते, एवढं आपल्या सगळ्यांना माहीत. अमुक दिवशी अमुक वाजता हजर राहा. इथे फक्त असं लिहिलं होतं की समन्स मिळाल्यापासून दहा दिवसांत हजेरी नोंदवा. शेजारचे काका, जे आयुष्यभर जमिनीची केस लढले, ते चष्मा वर करून म्हणाले, "तारीख येईल हो पोस्टाने. कोर्ट काय एवढ्या लवकर हलतं?" सगळ्यांना ते पटलं. मला पटलं नव्हतं, पण काय पटत नाही तेही मला सांगता येईना.

सासूबाईंनी वेगळाच मार्ग काढला. त्या रात्रीच मसाला भाजायला घेतला. घरातली सगळ्यात चांगली बेडगी, थोडी काश्मिरी, भाभीला आवडते तशी दगडफुलाची चव जरा जास्त. सकाळी कुटला, पितळी डबा भरला आणि माझ्या नवऱ्याच्या हाती उल्हासनगरला पाठवला. मी विचारलं, "आणि कोर्टाचं?"

"आधी डबा परत येऊ दे," त्या म्हणाल्या. "पोराला माहीत नसेल. भाभीला माहीत आहे. डबा आला की ती काहीतरी सांगेल. मग बोलू."

आणि आम्ही थांबलो. आज सांगताना मलाच हसू येतं. तिकडे कायद्याचे दहा दिवस चालले होते आणि इकडे आम्ही डब्याची वाट बघत होतो. पण त्या वेळी यात काही चुकतंय असं घरात कुणालाही वाटलं नाही. इतक्या वर्षांच्या माणसांशी बोलायच्या आधी वकिलाकडे जाणं म्हणजे घरातलं भांडण चावडीवर नेणं, असंच सगळ्यांना वाटत होतं.

डबा आला तो दहा दिवस उलटून गेल्यावर. शेठच्या दुकानातला एक माणूस देऊन गेला. सासूबाईंनी दोन्ही हातांनी घेतला आणि हातात घेतल्याबरोबर त्यांना कळलं. तरी त्यांनी झाकण उघडलं. घासूनपुसून लख्ख केलेला, आणि रिकामा. त्यांनी झाकण लावलं, डबा फळीवर ठेवला आणि मला म्हणाल्या, "चल. कुठे जायचं तिथे जाऊ."

विहारातल्या ओळखीने अंबरनाथच्या एक तरुण वकीलबाई मिळाल्या. जयंतीच्या मिरवणुकीत पांढरी साडी नेसून लेझीम खेळताना मी त्यांना पाहिलं होतं. काळ्या कोटात त्या एकदम मोठ्या दिसल्या. कागद वाचून त्यांनी पहिला प्रश्न विचारला, "काकू, सही तुमचीच ना?"

"माझीच. मी कुठे नाही म्हणते?"

"मग त्यांची केस स्ट्राँग आहे. ही समरी सूट आहे. साधा दावा नाही."

मी जागेवर सरसावून बसले. नवीन शब्द ऐकला की मला राहवत नाही. वकीलबाईंनी समजावून सांगितलं. चेक, हुंडी, लेखी करार असल्या कागदावर ठरावीक रक्कम वसूल करायची असेल तर कायद्यात हा जवळचा रस्ता आहे. साध्या दाव्यात ज्याच्यावर दावा लावला तो आपोआप उत्तर देतो. इथे आपोआप काही नाही. दहा दिवसांत आधी फक्त सांगायचं की आम्ही आहोत. मग समोरचा दुसरं समन्स पाठवतो, निकाल द्या म्हणून. त्यावर पुन्हा दहा दिवसांत आपण अर्ज करायचा की आम्हाला बचाव करू द्या.

"म्हणजे बचाव करायला परवानगी मागायची?" मी म्हटलं.

"हो. लीव्ह टू डिफेंड."

"आणि नाही दिली तर?"

"तर त्यांचं म्हणणं खरं धरून निकाल. लगेच."

मी भडकलेच. या देशात खुनाच्या आरोपीला वकील मिळतो, आणि आमच्या सासूला तोंड उघडायच्या आधी तोंड उघडू का म्हणून विचारावं लागणार? मी बरंच काही बोलले, आवाजही चढला असावा, कारण शेजारच्या टेबलावरचा टायपिस्ट थांबून बघायला लागला. सासूबाईंना मात्र यात काहीच नवल वाटलं नव्हतं.

"त्यात काय?" त्या म्हणाल्या. "मी सून होते तेव्हा असंच होतं. बोलू का, असं आधी नवऱ्याला विचारायचं. तो आईला विचारणार. आई हो म्हणाली तर मग मी बोलायचं. तोवर काय बोलायचं होतं तेच विसरायला व्हायचं."

वकीलबाई हसल्या. मी हसले नाही. वजनकाटा आठवला होता, पण ती जागा ते बोलायची नव्हती.

या कायद्याने नंतर माझ्या डोक्यात घर केलं. असा कायदा कुणाला सुचला असेल आणि का? शाळेत मधल्या सुट्टीत, रिक्षात, भाजी निवडताना मी याचाच विचार करायचे. वकीलबाईंना फोन करून मी इतके प्रश्न विचारले की एकदा त्या म्हणाल्या, "ताई, तुम्ही एलएलबीच करून टाका." त्यांनी सांगितलेलं हळूहळू मला पटायलाही लागलं. कागदावर सही करून दिलेला शब्द म्हणजे शब्द. तो पाळायचा नसेल तर लोक काहीही कारणं काढून वर्षानुवर्षं दावा लांबवतात आणि उधार माल देणाऱ्याचा धंदा बुडतो. म्हणून कायदा म्हणतो की उगाच वेळ काढू नका, खरंच काही सांगण्यासारखं असेल तरच बोला. आपलं म्हणणं तिथे सिद्ध करायचं नसतं. ते पोकळ नाही, ऐकून घेण्याजोगं आहे, एवढंच दाखवायचं.

हे मला नीट कळलं ते वर्गात. एक मुलगा म्हणाला, "बाई, वही घरी राहिली." दुसरा म्हणाला, "बाई, वही आमच्या बकरीने खाल्ली." मी पहिल्याला हात खाली करायला सांगितला आणि दुसऱ्याला उभं ठेवलं. मग आठवलं की त्याच्या घरी खरंच बकरी आहे. विचारलं, "कुठली पानं खाल्ली?" तो म्हणाला, "मधली, बाई. पुठ्ठा नाही खाल्ला, पुठ्ठा आणलाय." आणि त्याने दप्तरातून पुठ्ठा काढला. त्याचं खरं होतं की नाही ते मला आजही माहीत नाही. पण ऐकून घेण्याजोगं होतं.

आमच्याकडे पुठ्ठा काय होता? माल परत केल्याची पावती नव्हती. शेठचा फोन कुणी रेकॉर्ड केला नव्हता. वकीलबाईंनी आणखी एक धोंडा टाकला. कोर्टाला शंका आली तर ते म्हणू शकतं, बोला, पण आधी पैसे भरा. तेवढे पैसे आमच्याकडे नव्हते. माझा पगार घराच्या हप्त्याला जायचा. नवरा एमआयडीसीतल्या एका कारखान्यात पाळीवर जातो, तिथला ओव्हरटाइम बंद झालेला. पैसे उभे करायचे तर एकच मार्ग होता, डंका विकायचा. सासूबाईंनी तो सासऱ्यांबरोबर, एकेक दागिना मोडून उभा केला होता. नवऱ्याने घरी हे सांगितलं तेव्हा त्या जेवत होत्या. जेवण पूर्ण केलं, हात धुतला आणि म्हणाल्या, "खरं देणं असतं तर मी स्वतः विकला असता. पण माझं ऐकून तरी घ्या ना एकदा." त्यांना असं विनवताना मी पहिल्यांदाच ऐकलं आणि मला भीती वाटली.

आधी उशिराचा अर्ज होता. दहा दिवसांत का आला नाहीत, त्याचं कारण द्यायचं होतं. वकीलबाई म्हणाल्या, "आजारी होतात असं लिहू या का?" सासूबाईंनी नकाराची मान हलवली. "डब्याची वाट बघत होते. ते लिही." वकीलबाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, "तेच खरं आहे." मग शपथेवर तेच लिहिलं गेलं, की प्रतिवादीने वादीच्या घरी जुन्या रीतीप्रमाणे डबा पाठवला होता आणि समेटाचा निरोप येईल म्हणून ती थांबली होती.

कोर्टात न्यायाधीशबाईंनी ते वाचलं आणि मान वर केली. "डबा आला का मग?"

सासूबाईंनी उत्तर द्यायच्या आधी वकीलबाईंकडे पाहिलं. बोलू का, असं. वकीलबाईंनी होकाराची मान हलवली.

"आला, मॅडम. रिकामा."

समोरच्या वकिलाने काहीतरी हरकत घेतली. न्यायाधीशबाईंनी ती लिहून घेतली आणि उशीर माफ केला.

मग ते दुसरं समन्स आलं आणि या वेळी आम्ही डब्याची वाट बघितली नाही. बचावाच्या परवानगीच्या अर्जाबरोबर सासूबाईंचं शपथपत्र जोडायचं होतं. त्यांनी सुरुवात केली ती लग्न होऊन कल्याणहून इथे कशा आल्या तिथपासून. वकीलबाई म्हणाल्या, "काकू, फक्त या मालाबद्दल." पण एका गोष्टीवर सासूबाई अडून बसल्या. "पोती देठांसकट परत केली, हे लिही." वकीलबाईंना त्याचं महत्त्व कळेना. मी समजावलं, देठ काढले असते तर बाजारात कुणीच माल परत घेतला नसता. देठ होते म्हणजे माल परत जाण्याजोगा होता. ते वाक्य आत गेलं. दहा ओळींच्या त्या परिच्छेदात सासूबाईंना तेवढंच वाक्य आपलं वाटत होतं, असं मला दिसलं. नवऱ्याने मोबाईलवरून भरलेल्या पैशांचा बँकेचा उतारा आम्ही सोबत जोडला.

सुनावणी येता येता वर्ष संपलं. नवा हंगाम पुन्हा तोंडावर आला होता. फेब्रुवारीतल्या एका सकाळी मी रजा टाकली आणि सासूबाईंबरोबर गेले. शेठचा मुलगा आला होता. त्याने सासूबाईंकडे पाहिलं नाही. लहानपणी तो आमच्या डंक्यावर येऊन शिंकत बसायचा म्हणे.

त्याच्या वकिलाचं म्हणणं सोपं होतं. सही मान्य आहे. चेक मान्य आहे. मिरची मिळाली हेही मान्य आहे. परतीचा कागद एक नाही. देठ काय, डबा काय, या सगळ्या रचलेल्या गोष्टी आहेत. हे ऐकताना माझ्या मनात आलं की परक्या माणसाला आमची गोष्ट रचलेलीच वाटणार. बकरीसारखी.

मग आमच्या वकीलबाईंनी बँकेचा उतारा पुढे केला. न्यायाधीशबाईंनी विचारलं, "हे पैसे दाव्यात का दाखवले नाहीत?"

"ते आधीच्या वर्षीच्या बाकीचे आहेत, मॅडम," मुलाचे वकील म्हणाले.

"आधीच्या वर्षीची बाकी होती असं दाव्यात आहे?"

वकील कागद चाळायला लागले. बराच वेळ चाळत राहिले.

"ते पैसे जुन्या बाकीचे की याच मालाचे," न्यायाधीशबाई म्हणाल्या, "माल परत गेला की नाही, हे मी आज असं बसल्या बसल्या ठरवू शकत नाही. हे पुराव्याने ठरेल." आणि त्यांनी बचावाची परवानगी दिली. पैसे भरायची अट घातली नाही.

मला त्यातली शेवटची ओळच ऐकू आली. डंका राहिला. मी सासूबाईंचा हात धरायला गेले तर त्या उभ्याच राहिल्या होत्या. पदर सारखा करून, हात जोडून, त्या न्यायाधीशबाईंना म्हणाल्या, "बोलू मग?"

कोर्टात हसू फुटलं. न्यायाधीशबाईही हसल्या, पण नीट समजावून म्हणाल्या, "आजी, परवानगी मिळाली. आता तुमच्या वकील लेखी उत्तर देतील. मग साक्षीच्या वेळी तुम्ही बोला. मी सगळं ऐकून घेईन."

"आज नाही?"

"आज नाही."

"चालेल," सासूबाई म्हणाल्या. "ऐकणार आहात ना, मग चालेल."

बाहेर येऊन आम्ही रिक्षा केली. वकीलबाईंनी निघताना बजावलं होतं की आपण जिंकलेलो नाही, दावा अजून पूर्ण उभा आहे, हरूही शकतो. तरीही मला काहीतरी गोड घ्यावंसं वाटत होतं. सासूबाई नको म्हणाल्या. अंबरनाथ ओलांडून एमआयडीसीच्या बाजूने रिक्षा लागली, तो नेहमीचा उग्र वास आला, पाळी सुटलेली माणसं रस्त्याच्या कडेला उभी होती. माझी जीभ काही गप्प बसेना. मी म्हटलं, "बघा आई, एवढ्या वर्षांची भाभी आणि डबा रिकामा पाठवला. तेवढ्यावरच कळलं होतं काय ते."

सासूबाईंनी माझ्याकडे वळून पाहिलं.

"तिनेच पाठवला, हे तुला कुणी सांगितलं?" त्या म्हणाल्या. "पोराने धुऊन पाठवला असेल. तिला दाखवलासुद्धा नसेल. आपण विचारलं का तिला?"

"नाही," मी म्हटलं.

"मीही नाही विचारलं. डबा हातात घेतला, हलका लागला, आणि निकाल देऊन टाकला."

रिक्षा खड्ड्यातून गेली. त्यांनी पुढची दांडी धरली आणि माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "तुझ्या पहिल्या वर्षी, तो लवंगीचा मसाला. तू काहीतरी बोलत होतीस तेव्हा. काय बोलत होतीस?"

इतक्या वर्षांत मी ते उत्तर मनात किती वेळा दिलं असेल. आंघोळ करताना, वह्या तपासताना, वजनकाट्यावर बसून दुसऱ्यांचे हात उखळात फिरताना बघत. प्रत्येक वेळी ते अधिक धारदार व्हायचं. आणि आता खरंच विचारलं तेव्हा मला ते सांगावंसं वाटेना, कारण त्यात माझ्याशिवाय आणखी एक माणूस होता, आणि तो हयात नव्हता.

"सांग," त्या म्हणाल्या. "ऐकतेय."

"आधीचा घाणा बाबांनी केला होता," मी म्हटलं. बाबा म्हणजे सासरे. "लवंगीचाच होता. त्यांना चहाला बोलावलं म्हणून ते तसेच उठले. उखळ झाडायचं राहिलं. मी आले तेव्हा ते झाडलेलं असेल असंच धरून चालले."

"मग तेव्हाच का नाही सांगितलंस?"

"तुम्ही राहू दे म्हणालात. आणि बाबा तिथेच उभे होते."

"ते काही बोलले नाहीत?"

"नाही."

शिरगाव येईपर्यंत त्या दांडी धरून रस्त्याकडे बघत बसल्या. मला वाटलं, मी उगाच बोलले, गेलेल्या माणसाला कशाला ओढलं. घराशी उतरल्यावर पैसे देताना त्यांचे डोळे भरलेले दिसले, पण त्या हसतही होत्या. "आता त्यांचं म्हणणं कुणाकडून ऐकू?" त्या म्हणाल्या. "त्यांना परवानगी देऊन काय उपयोग?"

माझं खरं धरलं की नाही, ते त्यांनी सांगितलं नाही. मीही विचारलं नाही.

रात्री त्यांनी फळीवरचा पितळी डबा काढला, मसाल्याने भरला आणि नवऱ्याला म्हणाल्या की या वेळी डबा दुकानात द्यायचा नाही, घरी जाऊन भाभीच्या हातात द्यायचा. "आणि तिला विचार, बरी आहेस ना."

सकाळी पहिलं गिऱ्हाईक भाजलेली मिरची घेऊन आलं तेव्हा मी नेहमीसारखी वजनकाट्याकडे निघाले होते. सासूबाई तिथे आधीच बसल्या होत्या, चष्मा लावून, वजनं पुसत. उखळ झाडायचा ब्रश त्यांनी माझ्यापुढे धरला.

"नीट झाड," त्या म्हणाल्या. "कोपऱ्यातसुद्धा."

मी उखळाशी वाकले आणि ते चांगलं झाडून घेतलं.